घरात शिरलेला बाहेरचा

मुनाफ परकारने आयुष्यभर भुतं पकडली. एका मराठी चॅनेलवर त्याचा कार्यक्रम होता. आज एखाद्या भगताचं पितळ उघडं पाडायचं, उद्या पछाडलेल्या बंगल्यातली फुटकी खिडकी दाखवायची. चॅनेल बंद पडल्यावर तो कतारमध्ये दोह्याला आला, अल सद्द भागात दिव्यांच्या दुकानात सेल्समन झाला, पण खोड गेली नाही. शुक्रवारी शूटिंग करून यूट्यूबवर टाकायचा. कॅमेरा धरायचा उमैर, त्याच्याच गावचा. जेवायलाही त्याच्याच घरी असायचा. मुनाफची बायको नबीला दोघांना वाढायची.

लोक नीट बघत नाहीत, हा मुनाफचा लाडका राग. तो इतका ठासून सांगायचा की ऐकणाऱ्याला आपण आंधळे आहोत असंच वाटावं.

गेल्या हिवाळ्यात त्याची अम्मा व्हिजिट व्हिसावर येऊन राहिली. परत जाताना विमानतळावर हळूच म्हणाली, "मुनाफ, तुज्या घरात बाहेरचा शिरलाय. नबीलाकडं बघ जरा."

आमच्या कोकणी बोलीत 'बाहेरचं' असं कुणी म्हणत नाही, 'बाहेरचा' म्हणतात. भूतबाधा म्हणजे बाहेरचा. मुनाफचं डोकंच फिरलं. जगाची भुतं मी उतरवतो आणि माझीच आई हे बोलते? नबीला गप्प असते, एकटीच हसते, मोबाइल घेऊन बाल्कनीत बसते, हे त्यानेही पाहिलं होतं. परमुलखातला एकटेपणा, दुसरं काय. त्याने तिला व्हिटॅमिनच्या गोळ्या आणून दिल्या, अम्माचे फोन घेणं सोडलं आणि या विषयावर एक एपिसोडच केला.

"अम्मा म्हणते, माझ्या घरात बाहेरचा शिरलाय," सोफ्यावर बसून तो हसत म्हणाला. "मी कोपरान् कोपरा शोधला. कुणी नाही."

"भाई, आवाज कमी आला," कॅमेऱ्यामागून उमैर म्हणाला. "परत एकदा घेऊ."

मुनाफने तेच वाक्य परत म्हटलं, मोठ्याने.

एपिसोड तुफान चालला. फरीज बिन ओमरानपासून अल रय्यानपर्यंत दोह्यातली सगळी कोकणी घरं पोट धरून हसली, कारण आमच्या बोलीत परका पुरुषही बाहेरचाच. मुनाफला वाटलं, विषय लोकांना पटला. ईदला ज्यांच्या घरी तो शीरखुर्मा प्यायला, त्यांतल्या एकानेही तोंड उघडलं नाही. मला अजून त्या सगळ्यांची चीड येते.

उन्हाळ्यात नबीला माहेरी गेली आणि तिथून निरोप आला, मला मोकळं करा. पाठोपाठ उमैरने इथली नोकरी सोडली, कायमचा गावी गेला. मुनाफने तलाक दिला, आणि काही महिन्यांनी दोघांचा निकाहच झाल्याचं कळलं. मुनाफ आठवडाभर दुकानात गेला नाही. निकाहापेक्षा ते 'परत एकदा' त्याला जास्त लागलं होतं.

शेवटी त्याने अम्माला फोन लावला. "सरळ त्याचं नाव का नाही घेतलंस?"

"नंतर तू फोन उचललास नाय," अम्मा म्हणाली. "आनि तेव्हा नाव कसा घेव? माजी ट्रॉली तोच ढकलीत होता."