मंगळवारी लावलेला कुंकवाचा सापळा

शुद्धलेखनाच्या चुका पदरात घ्या. नववीतच शाळा सुटली, म्हणून शब्दही साधेच आहेत. पण मी स्वतःची जी शोभा करून घेतली, ती सांगायला जड शब्द कशाला?

तुळजापुरात आमचं तीन माणसांचं ऑफिस: मॅडम, इरप्पाअण्णा आणि मी. लॉजच्या खोल्या बुक करायच्या वेबसाइट आम्ही बनवतो. माझं काम तपासणीचं. मी बटण दाबलं की ब्राउझर आपोआप उघडतो, फॉर्म भरतो, खोली बुक करतो. ब्राउझरला हाकणारा एक छोटा प्रोग्राम असतो, त्याला ड्रायव्हर म्हणतात. मला कामावर ठेवायचं की नाही, हे मंगळवारी ठरणार होतं. लॉजचे मालक तपासणी बघायला येणार होते.

आणि सोमवारी ब्राउझर उघडेचना! नुसती लाल इंग्रजी अक्षरं. मला त्यातलं 'ड्रायव्हर' तेवढं कळलं. शनिवारी तर सगळं चालत होतं. मग हात कुणी लावला?

तुम्हीच सांगा, संशय कुणावर जाणार? इरप्पाअण्णा नळदुर्गहून येतात, बॅनर बनवतात आणि जेवणाच्या सुट्टीत माझ्या कॉम्प्युटरवर कन्नड भजनं लावतात. विचारलं तर म्हणाले, भजनापलीकडं कशालाच हात लावत नाही. चोर दुसरं काय म्हणणार? वर मला चहा पाजला, तेव्हा तर माझी खात्रीच पटली.

मंगळवारी सकाळी लवकर गेलो. माझा माऊस लाल आहे. त्याला चिमूटभर कुंकू चोळलं आणि बाहेर जाऊन थांबलो. परत आलो, तर अण्णांची बोटं लाल!

मालक आले होते. बोलायला लाजणारा मी, पण त्या दिवशी बोललो. "मॅडम, ड्रायव्हर अण्णांनी बिघडवला. त्यांची बोटं बघा."

अण्णांनी शांतपणे हात पुढं केला. "आरं, आज मंगळवार हाय. देवीला जाऊन आलो."

मॅडमचं बोट लाल होतं. मालकांचंही.

"आता तुझी दाव की," अण्णा म्हणाले.

सगळ्यांत लाल माझीच होती.

मग मॅडमनी ती लाल अक्षरं वाचली. ब्राउझर नवा, ड्रायव्हर जुना, म्हणून दोघांचं जमत नव्हतं. ब्राउझर नवा कुणी केला, असं त्यांनी विचारलं. तेव्हा मला आठवलं. शनिवारी निघताना स्क्रीनच्या कोपऱ्यात एक पाटी आली होती: अपडेट करून पुन्हा सुरू करू का? इतक्या अदबीनं विचारल्यावर नाही कसं म्हणायचं? मीच 'हो' दाबलं होतं.

मालक पोट धरून हसले आणि उद्या येतो म्हणाले. अण्णा हसले नाहीत. दुपारी त्यांनी भजनही लावलं नाही. ते मला नोकरीच्या काळजीपेक्षा जास्त लागलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी ब्राउझरशी जुळणारा ड्रायव्हर टाकला. ब्राउझर उघडला, खोली बुक झाली. तेवढ्यात कोपऱ्यात पुन्हा पाटी आली, आणि माझं बोट आपोआप तिकडं निघालं. हात खिशात घातला, तो अण्णा येईपर्यंत काढला नाही. ते आल्यावर त्यांच्यासाठी खुर्ची ओढली.

"अण्णा, लई चुकलो. आता इथंच बसा, भजन लावा, आन् माझ्यावर नजर ठेवा."