टॉवर नसलेला गड

माझं काम नीट झालं की ते दिसत नाही. हे मी नातेवाइकांना इतक्यांदा समजावलंय, की आता लग्नकार्यात कोणी "सध्या काय करतेस?" विचारलं तर मी "कॉम्प्युटरचं काम" म्हणते आणि ताटात बघते. शेजारच्या काकू तर अजूनही जिन्यात गाठून विचारतात, "कार्टूनच काढतेस ना गं?" पूर्वी मी थांबून सगळं सांगायचे. पालथ्या घड्यावर पाणी. आता मी हो म्हणते, काकू खूश होतात आणि मी लवकर सुटते.

खरं तर मी पुसते. सिनेमात आणि मालिकेत शूटिंगच्या वेळी जे चुकून किंवा नाइलाजाने आलेलं असतं, ते मी चित्रातून काढून टाकते. उडी मारणाऱ्या हिरोच्या कमरेची दोरी, आरशात आलेला कॅमेरामन, राणीसाहेबांच्या दंडावरची लसीची खूण. पुसायचं म्हणजे नुसतं भोक पाडून चालत नाही. त्या जागी मागे जे असतं ते आजूबाजूचं बघून भरावं लागतं, एकेक फ्रेम करत, आणि बघणाऱ्याला शंका येता कामा नये.

आमचा स्टुडिओ वागळे इस्टेटमध्ये, एका बंद पडलेल्या कारखान्याच्या इमारतीत आहे. खिडक्यांना काळे पडदे, प्रत्येकाच्या कानावर हेडफोन. शेजारच्या खुर्चीतल्या माणसाशी आम्ही चॅटवर बोलतो. दिवस संपताना सगळ्यांचे शॉट मोठ्या पडद्यावर लावतात. काही चुकलं असेल तर आमचा लीड, म्हणजे टीमचा प्रमुख, शॉट थांबवून बोलतो. बरोबर असेल तर "नेक्स्ट" म्हणतो. एवढ्या वर्षांच्या नोकरीत मला मिळालेली सगळ्यात मोठी शाबासकी म्हणजे हे "नेक्स्ट". पहिल्या वर्षी त्याचा अभिमान वाटायचा. हल्ली ते ऐकलं की वाटतं, कोणीतरी थांबवावं, आणि म्हणावं की बाई, इथे काय केलंस ते दाखव.

घरी बाबा आणि मी. आई गेल्यापासून डोंबिवलीच्या आमच्या तिसऱ्या मजल्यावर दोनच ताटं मांडली जातात. बाबा ड्राफ्ट्समन होते. यंत्रांची ड्रॉइंग काढण्यात त्यांचा जन्म गेला आणि रेषेच्या बाबतीत ते भलतेच खवट. माझ्या लहानपणी कोणी नवं कॅलेंडर लावलं, की हे आधी ते तिरकं लागलंय का ते बघायचे आणि मग देव बघायचे. त्यामुळे जगात एकाच माणसाने माझं काम नीट बघावं असं मला वाटायचं, ते म्हणजे बाबा. बाकीच्यांनी कार्टून म्हटलं तरी चालेल. बाबांना ते दिसायला हवं होतं.

मालिका लागली की ते विचारायचे, "यात तुझं काय?" मी दाखवायचे, पण जे नाही ते बोटाने दाखवणार तरी कसं? ते मान डोलवायचे. मला राग यायचा. हा राग माझा जुनाच आहे, नाकाच्या शेंड्यावर बसलेला.

मग आम्हाला एक ऐतिहासिक मालिका मिळाली आणि माझ्या वाट्याला गड आला. गड सुंदर होता, पण त्याच्या मागच्या डोंगरावर मोबाइलचा टॉवर होता, लाल-पांढरा, उंच. पुढे घोड्यावर बसलेला नायक, त्याचे वाऱ्यावर उडणारे केस थेट टॉवरवरून जाणारे, आणि कॅमेरा गोल फिरणारा. असा शॉट कोणी मागून घेत नाही. मी घेतला. केसांची एकेक बट वाचवत टॉवर काढायचा आणि मागे आभाळ भरायचं, यात माझे कितीतरी आठवडे गेले. रोज जेवताना मी बाबांना त्याची हकिगत सांगायचे. तेही मन लावून ऐकायचे. "आज कुठवर आला तुझा टॉवर?" असं स्वतःहून विचारायचे. ते दिवस चांगले होते. आमटी भुरकत कोणीतरी माझ्या कामाबद्दल विचारतंय, याने मी घरी यायला उत्सुक असायचे.

तो भाग लागायचा होता त्या दिवशी मी हाफ डे टाकला. येताना फडके रोडवरून बाबांना आवडणारी खांडवी घेतली. त्यांची खुर्ची टीव्हीच्या अगदी समोर ओढली. गड आला, घोडा आला, कॅमेरा फिरला. आभाळ कुठे फाटलं नव्हतं. मी स्वतःच बघताना क्षणभर विसरले की तिथे काही होतं. शॉट संपला आणि जाहिराती सुरू झाल्या.

"बाबा, दिसलं?" मी विचारलं.

"दिसलं की. झकास," बाबा म्हणाले. "टॉवर फार सुरेख उभा केलायस. बघ, अजून दिसतोय."

पडद्यावर एक बाई चहा गाळत होती.

आधी मी चिडलेच. इतके दिवस मी काय सांगत होते, आणि हे काय ऐकत होते? बोलायला तोंड उघडलं तेवढ्यात त्यांच्याकडे नीट बघितलं. मान एका बाजूला वळलेली होती. नजर टीव्हीवर नव्हती, त्याच्या शेजारच्या भिंतीवर होती. ही वळलेली मान मी दोनेक वर्षं बघत होते आणि मणक्याचं दुखणं समजून तेल आणून दिलं होतं. पेपर बंद केला तेव्हा ते म्हणाले होते, हल्ली पेपरात वाचण्यासारखं असतं काय? मला ते पटलंही होतं. दिवसभर दुसऱ्यांच्या चित्रातली केसाएवढी चूक शोधणारी मी, आणि घरात हे. दिव्याखाली अंधार म्हणतात तो असा.

आम्ही ठाण्याला, माजिवड्याच्या एका डोळ्यांच्या डॉक्टरीणबाईंकडे गेलो. त्यांनी बाबांच्या हातात चौकटी आखलेलं एक कार्ड दिलं, एकेक डोळा झाकायला लावला आणि मधल्या ठिपक्याकडे बघायला सांगितलं. बाबांनी कार्ड जवळ नेलं, लांब धरलं. मग वैतागून म्हणाले, "या मधल्या रेषा कोणी काढल्यात? सरळ रेघ मारता येत नाही का माणसाला?"

रेषा सरळ होत्या. डॉक्टरीणबाईंनी माझ्याकडे बघितलं. दोन्ही डोळ्यांच्या पडद्याचा मधला भाग खराब झालाय, म्हणाल्या. कडेचं दिसतं, समोरचं नाही. गेलेलं परत येणार नाही, उरलेलं इंजेक्शनं देऊन सांभाळू. मी विचारलं, इतके दिवस कळलं कसं नाही? त्या समजावून सांगायला लागल्या, की पेशंटला काळं भोक दिसतंच असं नाही. मेंदू आजूबाजूचं बघून आणि आठवून मधली जागा भरून काढतो. मी त्यांना मध्येच थांबवलं. उद्धटपणा झाला, पण मला ते त्यांच्याकडून ऐकायचं नव्हतं. जागा कशी भरतात ते मला माहीत होतं.

परतताना रिक्षा हायवेवरच्या गर्दीत अडकली. बाबा म्हणाले, "गडबडलो गं त्या दिवशी. तू इतक्या आशेने विचारलंस, काहीतरी बोलायला हवं होतं."

"आधी सांगायचं नाही का, बाबा?"

"तू दिवसभर डोळे फोडून घरी येणार. तुला आणखी माझ्या डोळ्यांचं कुठे सांगत बसू?"

मला रडू येत होतं आणि रागही. शेवटी जे विचारायची भीती वाटत होती तेच विचारलं. "माझा चेहरा दिसतो का तुम्हाला?"

"न दिसायला काय झालं?" बाबा लगेच म्हणाले आणि माझ्याकडे वळून हसले. "तुझा चेहरा स्पष्ट दिसतो मला. आणि एक बरं आहे हो, एवढं कॉम्प्युटरसमोर बसतेस, पण तुला अजून चष्मा लागला नाही."

मला चष्मा लागून दुसरी दिवाळी येत होती. जाड काळ्या काड्यांचा, सकाळी उठल्यापासून नाकावर असलेला. तो लावून मी रोज त्यांच्यासमोर जेवायला बसत होते आणि ते माझ्याकडे बघून टॉवरची चौकशी करत होते. मला वाटत होतं, निदान घरात एक माणूस मला बघतंय. ते बघत होते ती मुलगी बिनचष्म्याची होती, त्यांनी आठवून आठवून भरलेली. इतकं एकटं मला आई गेली त्या दिवशीही वाटलं नव्हतं.

"नशीब माझं," मी म्हणाले. चष्मा काढून पर्समध्ये ठेवला आणि त्यांच्याकडे तोंड करून बसले.