दिसणारा झपताल

लंडनजवळच्या पिनरच्या सुहासिनी कानिटकर आठवड्याचे पाच दिवस चष्म्याच्या दुकानात काम करत आणि उरलेले दोन दिवस गॅरेजमध्ये आवाजाची चित्रं करत. जुन्या पद्धतीच्या सिनेमाच्या फिल्मवर कडेला आवाजाची एक बारीक, काळी-पांढरी पट्टी असते. बाई ती पट्टीच चित्राच्या जागी, पडदाभर दिसेल अशी छापत. मग तबला वाजला की पडद्यावर रेघा धावायच्या. कानाला ऐकू येई तेच डोळ्यांना दिसे. निदान बाईंना दिसे. अकरा वर्षांत दुसऱ्या कुणालाही त्या रेघांत आवाज सापडला नव्हता.

"अगं, मध्ये एखादं फूल तरी टाक," त्यांचे यजमान अजय म्हणायचे.

"फूल वाजतं का?"

तरी यंदा हॅरोच्या हॉलमध्ये, मराठी मंडळाच्या कार्यक्रमात, लावणी आणि जेवण यांच्यामध्ये त्यांना सहा मिनिटं मिळाली. प्रोजेक्टर सुरू झाला आणि स्पीकरनं दगा दिला. रेघा मुक्यानंच धावू लागल्या.

"बंद कर रे अवधूत! आवाजच नाही!" बाई ओरडल्या.

"असू दे हो काकू, पुऱ्या अजून तळतायत," मंडळाचा सेक्रेटरी अवधूत म्हणाला. "खाली 'प्लीज वेट' टाकू का?"

बाईंनी कपाळाला हात लावला. कुणी फोन काढला, कुणी केबल हलवून पाहिली. फिल्म संपली.

ईलिंगला भजनात तबला वाजवणारे शशिधर दाते तेवढे मांडीवर बोटं मोजत बसले होते. "ताई, झपताल ना? शेवटच्या आवर्तनात एक मात्रा खाल्लीत."

बाई उसळल्या. "मुळीच नाही! आणि ऐकलंत कुठे तुम्ही?"

"ऐकायचं काय त्यात? दिसतंय की. रेघा बारीक झाल्या की डग्गा बंद, म्हणजे तालाची 'खाली'. तिथे दोन मात्रा हव्यात, एकच आली."

बाईंनी रिळातून फिल्म खसकन ओढली, खिडकीशी धरली. तिथे फिल्मला जोड होता, त्यांनीच दिलेला, आणि जोडताना एक मात्रा खरोखरच कापली गेली होती. महिनाभर डोळे फोडून त्यांना ती दिसली नव्हती. या गृहस्थांना बसल्या जागी दिसली.

"चला, पानं वाढलीत!" अवधूतनं हाक दिली. दाते उठले.

"तुम्ही कुठे निघालात? बसा. पुन्हा लावते. पहिल्यापासून मोजा."

"अहो, भूक लागलीय."

"लागू द्या," बाई फिल्म ओवत म्हणाल्या.