इंग्लंडकडे फिरवलेली एरियल

भिंतीपलीकडून आमचं आडनाव ऐकू आलं. शेजारणीच्या टीव्हीवर कोणीतरी वेल्श भाषेत घसा फोडून सांगत होता. त्यातलं मला एक अक्षर कळत नव्हतं, पण मधेच आमचं आडनाव स्वच्छ आलं आणि मागून माणसांचा ओरडा उठला. म्हणजे माझी पोरगी बॅट घेऊन उभी होती. आणि आमच्या टीव्हीवर घोडे धावत होते.

"हे काय?" नवरा म्हणाला.

"रेस आहे," डॉक्टर म्हणाले.

"घोडे मलाही दिसतायत, डॉक्टर. पोरगी कुठाय?"

मी चार नंबरचं बटण पुन्हा दाबलं. पुन्हा घोडे. एक, दोन, तीन दाबून परत चारवर आले. तेच घोडे, फक्त थोडे पुढे गेलेले. डॉक्टरांनी टीव्हीच्या कुशीत दोन थापा मारल्या. शिकलेला माणूस, पण थापेवर विश्वास.

नवऱ्याला सहा आठवड्यांपूर्वी हार्ट अटॅक आला होता. हॉस्पिटलमधून घरी सोडताना सांगितलं होतं, फाटकापर्यंत चालायचं आणि परत यायचं. उन्हात नाही, गर्दीत नाही, जिना नाही. त्याचा पलंगसुद्धा आम्ही खाली पुढच्या खोलीत आणला होता. मैदान घरापासून दीड मैलावर, पण त्याच्यासाठी ते पुण्याइतकं लांब. म्हणून टीव्ही. आणि म्हणून डॉक्टर. ते आमच्या ओळखीचे, वेल्समधल्या या कार्डिफात आमच्या आधी आलेले, सगळ्या मराठी घरांत त्यांचा शब्द चालायचा. त्यांची बायको लंडनला, एजवेअरला बहिणीकडे गेली होती, म्हणून बटाटेवडे खायला आणि मॅच बघायला आमच्याकडे आले होते.

ही मॅच बेसबॉलची. अमेरिकेतला बेसबॉल वेगळा असतो म्हणतात, तो मी पाहिलेला नाही. कार्डिफातला मला माहीत आहे. चेंडू खालून टाकतात, बॅट चपटी असते, एका बाजूला अकरा जणी, आणि मैदानात चार दांडे रोवलेले असतात, त्यांच्या बाहेरून पळायचं. वर्षातून एकदा वेल्स आणि इंग्लंडची मॅच होते. त्या वर्षी वेल्सच्या बायकांच्या संघात माझी पोरगी होती.

ती त्यात शिरली माझ्यामुळे. हे नवरा आठ वर्षं मला दर आठवड्याला ऐकवत होता, म्हणून इथेही लिहिते. मी हॉस्पिटलच्या लाँड्रीत होते. आमच्या लाँड्रीतल्या बायकांची टीम होती, मंगळवारी संध्याकाळी पार्कात प्रॅक्टिस. नवरा त्याच हॉस्पिटलच्या लॅबमध्ये, त्याची दुपारची शिफ्ट. अकरा वर्षांची पोर घरी एकटी ठेवायची कशी, म्हणून मी तिला पार्कात न्यायची. चेंडूला ती घाबरत नव्हती, तर त्यांनी तिला बॅट करणारीच्या मागे उभं केलं. त्या जागेला बॅकस्टॉप म्हणतात. मारायचं हुकलं की चेंडू थेट बॅकस्टॉपच्या तोंडावर. पोरगी तिथेच राहिली, राहिली ती राहिलीच.

नवऱ्याच्या मनात तिला फार्मसीला घालायचं होतं. ती केमिस्ट्रीत दोनदा नापास झाली आणि माझ्या शेजारच्या इस्त्रीवर येऊन उभी राहिली. तेव्हापासून बापलेकीचं बोलणं म्हणजे "दार लाव" आणि "चहा ठेवलाय". तिची एकही मॅच त्याने पाहिली नाही. कपाटावर तिने जिंकलेले कप ठेवले होते, त्यांच्यावरची धूळ मी पुसायची. तो त्या बाजूला बघायचाही नाही.

मग अटॅक आला. ती वॉर्डात त्याच्यासाठी डबा घेऊन गेली, तेव्हा छताकडे बघत त्याने विचारलं, "ती इंग्लंडची मॅच कधी आहे?"

"सहा वीक्सनी, बाबा. सॅटर्डेला, तीन वाजता. टीव्हीवर दाखवणार. चार नंबर."

"बघतो."

एवढंच. पोरगी बाहेर येऊन मला म्हणाली, "आई, माझे मोजे कुठे ठेवले तू?" आणि तिथे कॉरिडॉरमध्ये खाली बसली. मोजे तिच्या पायातच होते.

तर असा तो शनिवार. त्या सकाळी मी मैदानावर तिला डबा द्यायला गेले होते. तिथे टीव्हीवाल्यांची मोठी लॉरी उभी होती, लोखंडी पाइपांचं उंच मचाण बांधलेलं, त्यावर कॅमेरा. एक जाडा माणूस गवतातून काळ्या केबली ओढत होता. मी त्याला सांगितलं, माझी मुलगी खेळते.

"कुठे उभी असते?"

"बॅकस्टॉप."

"मग तुझी चंगळ आहे, लव्ह," तो म्हणाला. इथे अनोळखी बाईलाही लव्ह म्हणतात. "हा कॅमेरा चेंडू टाकणारीच्या पाठीमागून बघतो. बॅट करणारी बदलत राहते, बॅकस्टॉप प्रत्येक चेंडूला दिसते. घरी बसून बघ. फक्त वेल्सात दिसणार बरं का. खाडीच्या पाण्यापलीकडे इंग्लंडवाल्यांना याच बटणावर घोडे."

मी हसले. म्हटलं, बिचारे इंग्लंडवाले.

आता टीव्हीपुढे बसून ते घोडे बघताना मला तो माणूस आठवला आणि डोक्यात उजेड पडला. आमचं घर कार्डिफात होतं, पण आमच्या टीव्हीची छपरावरची एरियल इंग्लंडात होती.

ती फिरवायचा सल्ला या डॉक्टरांचाच. दोन वर्षांपूर्वी गणपतीला आम्ही सगळे जमलो असताना त्यांनी मोदक खाता खाता सांगितलं, "चार नंबरवर आता वेल्श सुरू झालंय. मुलांच्या कानावर ते पडत राहिलं तर इंग्रजी बिघडेल. मी एरियल फिरवून घेतली, पाण्यापलीकडच्या मनोऱ्याकडे. स्वच्छ इंग्लिश चॅनल येतं." झालं. महिन्याभरात कार्डिफातल्या झाडून सगळ्या मराठी छपरांवरच्या एरियली इंग्लंडकडे तोंड करून उभ्या राहिल्या. आमची पोर तेव्हा सतरा वर्षांची. तिचं इंग्रजी व्हायचं ते होऊन गेलेलं, बिघडायचं असतं तर आमच्या मराठीने बिघडवलं असतं. पण डॉक्टर म्हणाले ना.

"डॉक्टर," मी म्हटलं, "ही तुमची एरियल."

त्यांच्या लगेच लक्षात आलं. हुशारच माणूस. पण चूक कबूल करायच्या आधी त्यांनी फोन हातात घेतला. "थांबा वहिनी, कोणाकडे तरी येत असेल. गाडीतून पाच मिनिटांत जाऊ." एकेका मराठी घरी फोन. "हॅलो, तुमच्याकडे चार नंबरला काय चाललंय?" घोडे. पुढचं घर. घोडे. त्याच्या पुढच्या घरी तर वहिनी म्हणाल्या, आम्ही सगळे केव्हाचे बसलोय, घोडे संपले की लागेल ना मॅच?

तेवढ्यात नवरा उठून उभा राहिला. "शिडी कुठाय?"

"कशाला?"

"एरियल फिरवतो."

"बसा खाली. त्या शिडीवरून तुम्ही छपरावर थांबणार नाही, सरळ वर जाल."

"मग मी चढतो," डॉक्टर म्हणाले. मी त्यांच्या पोटाकडे बघितलं.

भिंतीपलीकडून पुन्हा ओरडा आला. नवऱ्याने भिंतीकडे पाहिलं. मग माझ्याकडे पाहिलं. मला कळलं. ओरडणारा टीव्ही तिथे होता आणि तिथे मी दोन वर्षं पाय ठेवला नव्हता.

शेजारीण वेल्श. तिचं आणि आमचं धुराडं एकच, अर्धं तिचं, अर्धं आमचं, आणि दोन्ही घरांच्या एरियली त्यावरच. आमची एरियल फिरवायला माणूस चढला त्या दिवशी ती मागच्या अंगणात कपडे वाळत घालत होती. तिने वर बघितलं, मग मला विचारलं, का फिरवता? मला खोटं बोलायला इंग्रजी पुरत नाही. मी खरं सांगितलं. मुलीचं इंग्रजी बिघडतं म्हणून. ती म्हणाली, "माझी चार मुलं वेल्श बोलून मोठी झाली. एक शाळेत इंग्रजी शिकवतो." आणि चिमट्यांची पिशवी घेऊन आत गेली. त्यानंतर मी अंगणात आले की ती आत जायची. मीही काही मागे लागले नाही. माझं चुकलं होतं हे मला तेव्हाच कळलं होतं. पण कळणं वेगळं आणि जाऊन सांगणं वेगळं.

हाताला बेसन लागलेलं होतं, तशीच गेले आणि दार वाजवलं.

तिने दार उघडलं. मी म्हटलं, "आमच्याकडे दिसत नाही."

ती पायरीवर येऊन, माझ्याकडे नाही, वर धुराड्याकडे बघत राहिली. आमची एरियल चांगली बघून घेतली. मग म्हणाली, "नाहीच दिसणार."

"माझं चुकलं. माझ्या नवऱ्याला बघायचंय. तुमच्याकडे आणू?"

"तुमचीच मुलगी ना ती? मी ह्यांना मघाच म्हटलं, ही आपली शेजारची." तिचा आवाज जरा उतरला. "पण टेली वर आहे. ह्यांच्या खोलीत."

तिचा नवरा कोळशाच्या खाणीत होता. छातीत धूळ बसून आता वरच्या खोलीत कायमचा पलंगावर, नाकाला ऑक्सिजन. टीव्ही त्याच्यासाठी वर. म्हणजे जिना.

घरी येऊन मी सांगितलं. डॉक्टर उभे राहिले. "वहिनी, जिना नाही. मी परवानगी देणार नाही."

"एरियल फिरवायची परवानगी तुम्हीच दिली होती डॉक्टर. आता नाडी धरा आणि मागून चला."

"अहो, ही चेष्टा नाही. मधेच काही झालं तर?"

"अगं, माझ्या चपला कुठायत?" नवरा म्हणाला. तो दारात पोचला होता.

तेरा पायऱ्या. तीन चढायच्या, बसायचं, डॉक्टर घड्याळ बघत नाडी मोजायचे, मग पुढच्या तीन. मी मागे, तो पडला तर माझ्यावर पडावा म्हणून. सहाव्या पायरीवर बसलेलो असताना वरून शेजारीण ओरडली, "आऊट झाली!"

मला वाटलं, संपलं. एवढं करून तो तिला बघणारच नाही. मला सगळ्यांचाच राग आला, डॉक्टरांचा, घोड्यांचा, पोरीचासुद्धा. दहा मिनिटं उभं राहायला काय झालं होतं?

नवरा धापा टाकत म्हणाला, "बरं झालं. आता घाई नाही."

वर पोचेपर्यंत वेल्सच्या सगळ्या आऊट झाल्या होत्या आणि इंग्लंडच्या बायका बॅट करायला येत होत्या. पलंगावरच्या म्हाताऱ्याने हाताने खुर्ची दाखवली. नवरा बसला. डॉक्टर त्याच्या मनगटाला धरून उभे. आणि टीव्हीवर तो मचाणावरचा कॅमेरा चेंडू टाकणारीच्या पाठीमागून बघायला लागला, जाड्या माणसाने सांगितलं होतं तसाच. इंग्लंडची एक बाई बॅट घेऊन उभी, आणि तिच्या मागे वाकून, हात पुढे करून, माझी पोरगी.

चेंडू आला, पोरगी. पुढचा चेंडू आला, पोरगी. बॅटवाल्या येत होत्या, जात होत्या. ती तिथेच.

"ही सगळा वेळ अशी वाकून असते?" नवरा म्हणाला. "पाठ जाईल तिची."

टीव्हीवरचा माणूस वेल्शमध्ये काहीतरी म्हणाला आणि त्यात आमचं आडनाव आलं. नवऱ्याने म्हाताऱ्याला विचारलं, "काय म्हणतोय?"

म्हाताऱ्याने श्वास गोळा केला. "म्हणतोय, या मुलीच्या हातून काही सुटत नाही."

पुढचाच चेंडू तिच्या हातून सुटला आणि मागे लांब गेला. म्हातारा इतका हसला की खोकल्याने निळा पडला. डॉक्टर माझ्या नवऱ्याचं मनगट सोडून तिकडे धावले. शेजारणीने त्याला उठून बसवलं, पाठीवर थापा दिल्या. नवरा मात्र टीव्हीवरून नजर न काढता म्हणाला, "उन्हामुळे सुटला. समोरून ऊन येतंय तिच्या डोळ्यांवर." आठ वर्षांत त्याने तिची घेतलेली ती पहिली बाजू.

चाळीसएक मिनिटं तो बसून होता. वेल्स हरलं. शेजारणीने चहा दिला, मी वडे आणले, म्हाताऱ्याने वडा मागितला आणि तिखट लागला म्हणून शिव्या घातल्या. मग पुन्हा तेरा पायऱ्या, या वेळी उतरत.

पोरगी सात वाजता आली. गुडघा सोललेला, डबा धुतलेला नाही.

"बाबा, बघितलं?"

"एक सुटला तुझ्या हातून."

"दोन सुटले."

"मला एकच दिसला," तो म्हणाला. "चेंडू येण्याआधी तू डावीकडे सरकतेस. का?"

ती त्याच्या पलंगाच्या काठावर बसली आणि सांगायला लागली. मी डबा धुवायला गेले.

पुढच्या आठवड्यात आम्ही एरियल परत फिरवली. शेजारीण अंगणात उभी राहून वर चढलेल्या माणसाला हाताने दाखवत होती, अजून थोडी, अजून. डॉक्टरांनी त्यांची तशीच ठेवली.

नवरा त्याच हिवाळ्यात गेला, दुसऱ्या अटॅकने, बसस्टॉपवर, सपाट जमिनीवर. पोरीची दुसरी मॅच त्याला मिळाली नाही. म्हातारा त्यानंतरच्या वसंतात गेला. डॉक्टर रिटायर होऊन एजवेअरला गेले आणि नव्वदच्या दशकात तिथेच वारले. शेजारीण शेवटी म्हाताऱ्यांच्या होममध्ये होती, मला ओळखायची, तीही गेली. त्या दुपारी त्या वरच्या खोलीत आम्ही पाच जण होतो. त्यातली आता मी तेवढी आहे.