डोंगराकडची मोकळी बाजू

धाडच्या बाजारात माझं मिरचीचं पोतं निम्मं विकून झालं होतं, तेव्हा गावचा एक जण सांगत आला, "आबा गेले." उरलेली मिरची शेजारणीच्या हवाली केली आणि एसटी धरली. त्याला आता दीड महिना झाला.

किसनआबा माझे चुलतसासरे. गावचा हाका, म्हणजे रानडुकरं हाकून काढायची शिकार, त्यांच्या शब्दावर चाले. पिकात रानडुकरं शिरली की माणसं डबे, भाले, कुत्री घेऊन निघत. कोणी कुठे उभं राहायचं ते आबा सांगत. शिकार पडली की पहिला वाटा जखमी कुत्र्याचा, मग माणसांचे. आणि डोंगराकडची बाजू कायम मोकळी. तिथे कोणी उभं राहायचं नाही, म्हणजे नाही.

यजमान नोकरीनं बाहेरगावी, शेत मी पाहते. काही वर्षांपूर्वी माझा निम्मा भुईमूग डुकरांनी उकरला. हाका ठरला तेव्हा मी आबांना म्हटलं, "यंदा चारी बाजू बंद करा. मानसं माह्याकून घ्या."

"कोंडलेलं जनावर मानसावर येते, सूनबाई. त्याले जायाले जागा पायजे."

"अन् मले खायाले?"

आबा हसले, पण बधले नाहीत. आमचे रहीमभाई डुकराला शिवत नसत, हाक्याला मात्र डफ घेऊन सगळ्यांच्या पुढे. ते म्हणाले, "आबा, मंग डुकराले एसटीचं तिकीटबी काढून द्या!"

झालं तसंच. एक डुक्कर भाल्यावर आलं, बाकी कळप मोकळ्या बाजूनं डोंगरात गेला आणि आठवड्याभरात परत आला. उकरलेल्या वेलांचा भारा मी आबांच्या दारात नेऊन टाकला. "हे पाहा तुमची मोकळी बाजू."

संध्याकाळी आबा घोंगडी आणि वाजवायला पत्र्याचा डबा घेऊन माझ्या शेतातल्या मचाणावर जाऊन बसले. भुईमूग निघेपर्यंत जागल त्यांनीच केली. म्हातारं माणूस, वरून थंडी... मी "पुरे आता" म्हणायला गेले, तर म्हणाले, "जागा म्या सोडली, तं राखनबी म्याच करावी."

त्यांचं म्हणणं मला तेव्हा पटलं नव्हतं, आजही पूर्ण पटलेलं नाही. पण आपल्या नेमाचा भार स्वतःच्या अंगावर घेणारी माणसं मी फार पाहिली नाहीत.

मागच्या आठवड्यात माझ्याच शेतासाठी पुन्हा हाका ठरला. मंडळी माझ्या ओट्यावर येऊन बसली. एकानं विचारलं, "वहिनी, डोंगराकडची बाजू बंद करू काय? आता आबा तं नाईत."

"राहू द्या मोकळी," मी म्हटलं.

आबांचा डबा त्यांच्या घरून मागून आणलाय. ठोकून ठोकून बूड आत गेलंय, आवाज मात्र खणखणीत आहे. मचाणावर टांगलाय. भुईमूग निघेपर्यंत तो मी वाजवणार आहे.