गाऱ्हाण्यावर अडलेला पॅच

गेम पुन्हा तिथेच बंद पडला. गाव राखणाऱ्या देवाच्या, राखणदाराच्या छोट्या घुमटीसमोर, गाऱ्हाणं सुरू होताच. शाहिद कपाळाला हात लावून बसला. मी वहीत ‘पुन्हा क्रॅश’ लिहिलं.

मी टेस्टर आहे. दुसऱ्यांच्या प्रोग्रॅममधल्या चुका शोधणं हे माझं पोटापाण्याचं काम. हे मात्र हौसेचं. एका जुन्या भुताच्या गेममध्ये शाहिदने आणि मी देवबागसारखं एक गाव घातलं होतं. चाहत्यांनी घातलेल्या अशा भरीला मॉड म्हणतात आणि त्यातल्या चुका सुधारणाऱ्या फाइलला पॅच. आमचा पॅच दोन वर्षं रखडला होता. खेळणारे रोज विचारायचे. काहीजण शिव्याही द्यायचे आणि त्या मला लागायच्या.

चूक कुठे होती ते ठाऊक होतं. गाऱ्हाणं म्हणजे गावाच्या वतीने देवाला केलेली विनवणी. तारकर्लीच्या बाबलमामांचं, माझ्या आईच्या भावाचं गाऱ्हाणं आम्ही रेकॉर्ड केलं होतं. ते चालू असेपर्यंत गेममधलं भूत जवळ येत नाही. नऊ मिनिटांची ती फाइल जुना गेम एकदम उचलायला जायचा आणि आडवा व्हायचा.

तुकडे करायचे का, असं मामांना तेव्हाच विचारलं होतं. “गाराणा अर्ध्यात तोडूचा नसता गो,” ते म्हणाले. विषय संपला.

पुढे मामांच्या घशाचं ऑपरेशन झालं. आवाज बसला तो बसलाच.

यंदा शाहिदने हात टेकले. “दुसऱ्या कोणाचो तरी आवाज घालूया. माकाव बरा वाटणा नाय, पण लोक किती थांबतले?”

मला रडूच आलं. मामांचा खणखणीत आवाज आता त्या एका गाऱ्हाण्यातच उरला होता. “आठ दिवस दी माका,” मी म्हटलं आणि लॅपटॉप घेऊन तारकर्ली गाठली.

मामांनी डोळे मिटून ऐकलं. मध्येच कपाळाला आठी.

“लोक खंय गेले?”

“कसले लोक?”

“‘व्हय म्हाराजा’ म्हणणारे!”

मी ओशाळले. “आवाज साफ येवचो म्हणान मी काढलंय.” गोंगाट समजून मी माणसं कापली होती आणि मधल्या जागा बेमालूम जोडल्या होत्या. लहानपणापासून गाऱ्हाणी ऐकलेल्या बाईने!

“लोकांनी व्हय म्हटल्याबिगर म्होरला बोलूचा नसता,” मामा घोगऱ्या आवाजात म्हणाले.

“मगे थंय तोडला तर?”

“ता तोडणा न्हय. थंय लोकांनी बोलूचा असता.”

मूळ रेकॉर्डिंग जुन्या हार्ड डिस्कवर सापडलं. प्रत्येक ‘व्हय म्हाराजा’पाशी आम्ही फाइल वेगळी केली. आता तिथे खेळणाऱ्याने बटण दाबायचं. लोकांचा होकार ऐकू येतो आणि तेवढ्यात पुढचा तुकडा लोड होतो. उशीर केला तर मागून पावलं वाजू लागतात. शाहिद स्वतःच दोनदा दचकला.

क्रॅश थांबले. पॅच खेळणाऱ्यांपर्यंत गेला. शिव्या देणाऱ्यांनीच आधी आभार मानले. कुठल्या कुठल्या देशांतली माणसं व्हिडिओत बटण दाबताना स्वतःही ‘व्हय म्हाराजा’ ओरडत होती. ते मी मामांना दाखवलं.

मामांनी व्हिडिओ पुन्हा लावायला सांगितला. मग कुजबुजले, “म्हणजे मी अजून गाराणा घालतंय तर.”

त्या दिवसापासून गोंगाट म्हणून काही पुसण्याआधी तो कोणाचा आहे, हे मी विचारून घेते.