गवत मधून कापायचं असतं

मला पाखरांचं वेड होतं असं चाळीत अजून सांगतात. खोटं आहे. गावी असताना मी लावे खाल्लेत, सुकं करून, बोटं चाटत. पण माझ्या बापाचे दोन नियम होते. अंड्यांवर बसलेल्या लावीला हात लावायचा नाही, आणि गवत कडेनं कापत आत जायचं नाही. "मदसून काप गो," तो म्हणायचा, "जिवाक भायर पळाक वाट व्हयी." चारी कडांनी कापत आत गेलं की गवतातले सगळे जीव मधल्या तुकड्यात कोंडतात आणि शेवटी विळ्याखाली येतात. मधून सुरुवात केली की ते कडेला सरकत सरकत निसटतात. एवढी साधी गोष्ट, पण ती पटवायला मला अख्ख्या चाळीशी भांडावं लागलं.

संयुक्त महाराष्ट्राची ती वर्षं. मिलमध्ये नवी यंत्रं आली आणि वाइंडिंग खात्यातल्या आम्हा बायकांना घरी बसवलं. मी काही घरी बसले नाही. भोईवाड्याच्या मागे शिवडीकडे उतरणारा एक मोकळा माळ होता. तिथलं गवत कापून तबेल्याला घालायचं काम मी जागेच्या मुकादमाकडून रीतसर मागून घेतलं. दिवाळीनंतर विळा घेऊन पहिल्यांदा आत शिरले तर पायाखालून भुर्रकन पाच-सहा मातकट गोळे उडाले आणि दहा पावलांवर पुन्हा गवतात पडले. लावे! परळात! मी तिथेच फतकल मारली आणि एकटीच हसत सुटले.

मग मी तो माळ बापाच्या रीतीनं चालवला. मधून कापायचं, तेही पट्ट्यापट्ट्यानं. एक पट्टा कापला की शेजारचा उभा ठेवायचा. वरच्या कोपऱ्यात बोरीची जाळी होती, तिला हात लावायचा नाही, उलट इकडच्या तिकडच्या काट्या आणून तिच्याभोवती रचायच्या, म्हणजे कुत्री-मांजरं फिरकत नाहीत. लाव्यांना धुळीत लोळायला थोडी जमीन उघडी सोडायची. आणि वाळलेलं गवत कोणालाही पेटवू द्यायचं नाही. तबेलेवाला कुरकुरायचा, "बाई, आधा माल तो छोड़ देती है." मी विचारायची, तुझी म्हैस उपाशी आहे का? नव्हती. अंधार पडायच्या सुमाराला लावे गोल करून बसतात, शेपट्या आत, तोंडं बाहेर. पहिल्या वर्षी असा एक गोल होता, तिसऱ्या वर्षी तीन झाले. ते माझ्यामुळे झाले, आणि हे सांगायला मी लाजत नाही.

त्याच वर्षी नवऱ्यानं माळ देऊन टाकला.

नवरा साचेवाला, म्हणजे मिलमध्ये मागावर, आणि चाळीच्या समितीचा चिटणीस. रविवारी मोठी सभा ठरली होती आणि गल्लीत माणसं मावणार नव्हती. जेवताना तो सहज म्हणाला, "माळ देतो म्हणून सांगितलंय. शनिवारी आमची माणसं साफ करतील."

"कुणाला विचारून?"

"अगं, सभेसाठी आहे. त्यात विचारायचं काय?"

माझं डोकंच फिरलं. बोरीच्या जाळीत लावी सात अंड्यांवर बसली होती. पिल्लं बाहेर यायला अजून आठ-दहा दिवस होते. तीन वर्षं मी राखलं आणि हे आले आयत्या बिळावर नागोबा! वाढलेलं ताट तसंच ठेवून मी उठले आणि थेट चौकात समितीची माणसं बसली होती तिथे गेले. नवरा मागोमाग आला.

मी सगळं सांगितलं. ऐकून एक जण हसून म्हणाला, "वहिनी, तिकडे लोक गोळ्या झेलतायत आणि तुम्ही पाखरं कसली सांभाळताय?"

हे मला लागलं. आजही लागतं, कारण लोक खरंच गोळ्या झेलत होते. पण मोर्च्यात लाठी मीही खाल्ली होती, कोपरावर, आणि ते कोपर त्यांच्यासमोर धरून मी म्हटलं, "दिल्लीत बसून, आपल्याला न विचारता मुंबईचं ठरवतात म्हणून आपण रस्त्यावर आलो ना? मग माझ्या माळाचं मला न विचारता कसं ठरवलंत? सभा घ्या. गवत मी कापून देते, माझ्या रीतीनं. वरचा कोपरा मिळणार नाही."

नवरा स्वतःच्या चपलांकडे बघत राहिला. बाकीचे "बरं, बरं" म्हणाले. बाईमाणसाला वाटेला लावताना म्हणतात तसलं बरं.

शनिवारी तबेल्यात भारा टाकून परत येते तर दहा-बाराजण कामाला लागलेले. चारी बाजूंनी, घोषणा देत, कापत आत. मध्ये खाटेएवढं गवत उरलं होतं आणि ते नुसतं हलत होतं. मी ओरडले, "थांबा! थांबा!" घोषणांपुढे माझा आवाज कुणाला ऐकू जाणार? शेवटचा हात पडला आणि लावे एकदम उधळले. एक जरा खालून उडाला. आमच्याच मजल्यावरच्या एका गड्यानं काठी फिरवली, आणि तो पडलेला लावा मोठ्या कौतुकानं माझ्या हातात आणून दिला. "घ्या वहिनी, रस्सा करा."

तो हातात गरम होता. मी रडले, सगळ्यांदेखत. मग तो पदरात घेतला, दुसऱ्या हातात विळा घेतला आणि जाळीसमोर जाऊन बसले. "या आता इकडे," म्हटलं, "पण आधी मला कापा."

कोणी आलं नाही. कोपरा राहिला.

रविवारी मी सकाळपासून तिथेच. दुपारनंतर माणसं लोटली ती थांबेचनात. लाउडस्पीकर सुरू झाला तशी लावी जमिनीला चिकटली, पण उठली नाही. नवऱ्याला व्यासपीठावर बसायचं होतं, नवा सदरा घालून आला होता. गर्दी चढ चढत मागे सरकत आली, आणि लोकांचे पाय माझ्या काट्यांपर्यंत पोचले. मी ढकलत होते, शिव्या घालत होते, पण हजार माणसांना एक बाई किती पुरणार? तेवढ्यात नवरा गर्दी चिरत वर आला. जाळीकडे पाठ करून, दोन्ही हात पसरून उभा राहिला.

"काय आहे हो तिकडे?" कुणीतरी विचारलं.

"माझ्या बायकोचं काम चाललंय," तो म्हणाला. "मागे व्हा."

सभा संपेपर्यंत तो तसाच उभा होता. घोषणा सगळ्या दिल्या त्यानं, पण मूठ एकदाही वर केली नाही, कारण एक हात जरी काढला असता तर माणसं आत आली असती. सदऱ्याची बाही काट्यात फाटली. घरी येऊन ती मी शिवली, आणि त्याच्यावरचा राग तोपर्यंत बराचसा उतरला होता.

सात दिवसांनी पाच पिल्लं निघाली. दोन अंडी वाया गेली. अंगठ्याएवढी पिल्लं, पण संध्याकाळपर्यंत आईमागे पळत कोपऱ्यात उभ्या राहिलेल्या गवतात शिरलीसुद्धा.

त्याच आठवड्यात समितीची माणसं दाराशी आली. आणखी एक सभा होती. नवरा उंबऱ्यात बसून दाढी करत होता. त्यानं वस्तरा खालीही ठेवला नाही.

"मला काय विचारता?" तो म्हणाला. "माळ तिचा आहे. तिला विचारा."

त्यांनी विचारलं. सगळे उभे राहिले आणि मी काय म्हणते त्याची वाट बघू लागले. मी म्हटलं, पिल्लं उडायला लागेपर्यंत नाही.

ती सभा गल्लीत झाली, दाटीवाटीनं. मी पहिल्या रांगेत बसून घसा फुटेपर्यंत घोषणा दिल्या.